'हिरो ते गद्दार' म्हणे! मग मधली चौदा वर्षं कुठे गेली?

मंडळी, पोस्ट मोठी आहे. घाईत असाल तर रात्री जेवणं उरकल्यावर वाचा, पण अर्धी वाचून कमेंट ठोकू नका.

फुटबॉलचा विषय निघाला की एक रील हमखास फिरायला लागतं. 'पहिल्या वर्ल्डकपमधला फ्रान्सचा कॅप्टन नाझी निघाला!' मागे धडकी भरवणारं संगीत, एक जुना काळा-पांढरा फोटो, शेवटी बंदुकीचा आवाज. चाळीस सेकंदांत माणसाचं आयुष्य खलास. खालच्या कमेंटही ठरलेल्या. एक म्हणतो, 'रक्तातच गद्दारी.' दुसरा म्हणतो, 'पैसा आला की असंच होतं.' तिसरा शहाणा म्हणतो, 'खेळाडू म्हणून मोठा होता, बाकीचं सोडा.'

तिघंही चुकीचे आहेत. आणि तिघंही ज्या पद्धतीने चुकतात ती पद्धत नव्वद वर्षांपूर्वी फ्रान्समध्येही चालत होती, म्हणून हा खटाटोप.

माणूस खरा आहे. आलेक्सांद्र व्हिलाप्लान. १३ जुलै १९३० ला उरुग्वेच्या माँटेव्हिडिओत फ्रान्सने मेक्सिकोला ४-१ हरवलं, तेव्हा हा कर्णधार होता. विश्वचषकाच्या इतिहासातले पहिले दोन सामने एकाच वेळी सुरू झाले होते, त्यातला हा एक. डिसेंबर १९४४ च्या अखेरीस पॅरिसलगतच्या मोंरूज किल्ल्यात त्याला गोळ्या घातल्या. दोन्ही गोष्टी खऱ्या. माझं भांडण त्या दोन तारखांशी नाही, त्यांच्या मधल्या पोकळीशी आहे. रीलमध्ये १९३० संपतं आणि थेट १९४४ सुरू होतं. जणू काही एक भला माणूस रात्री झोपला आणि सकाळी राक्षस होऊन उठला.

असं काही झालेलं नाही. टप्प्याटप्प्याने झालंय, सगळ्यांच्या डोळ्यांदेखत झालंय, आणि प्रत्येक टप्प्यावर कुणीतरी ठरवून दुसरीकडे बघितलंय.

सुरुवात अल्जीरियापासून. व्हिलाप्लान जन्मला अल्जिअर्समध्ये, युरोपातून तिथे वसलेल्या कुटुंबात. पोरसवदा वयात समुद्र ओलांडून दक्षिण फ्रान्समधल्या सेत या बंदराच्या गावी आला. तिथल्या क्लबात व्हिक्टर गिब्सन नावाचा स्कॉटिश प्रशिक्षक होता, त्याच्या हाताखाली तयार झाला. मधल्या फळीत खेळायचा. पायातून चेंडू काढून घेणं, लांब अचूक पास, आणि डोक्याने चेंडू खेळण्यात तर त्या काळच्या फ्रान्समध्ये त्याच्या तोडीचे फार थोडे. १९२६ ला बेल्जियमविरुद्ध देशाकडून पहिला सामना. उत्तर आफ्रिकेत जन्मलेला फ्रान्सच्या संघातला हा पहिला खेळाडू. एकूण २५ सामने खेळला. म्हणजे खेळाडू खरोखरच वरच्या दर्जाचा होता, यात वाद नाही.

आता इथे नीट लक्ष द्या. १९३२ पर्यंत फ्रान्समध्ये फुटबॉल अधिकृतपणे 'हौशी' होता. खेळण्याचे पैसे घेणं नियमाने बंद. पण क्लबांना जिंकायचं होतं, तिकिटं खपवायची होती आणि चांगले खेळाडू पळवायचेही होते. मग काय करायचं? खेळाडूला कुठल्या तरी कारखान्यात, दुकानात, ओळखीच्या कचेरीत कागदावर नोकरी दाखवायची. काम शून्य, पगार चालू. वर पाकीट टेबलाखालून. फ्रेंचांनी या प्रकाराला 'अमातरिस्म मारों' असं नावच ठेवलं होतं, म्हणजे बनावट हौशीपणा. गावात सगळ्यांना ठाऊक, वर्तमानपत्रांना ठाऊक, संघटनेला तर ठाऊकच ठाऊक. फक्त कागदाला ठाऊक नाही.

या शाळेत व्हिलाप्लान शिकला. १९२७ ला शेजारच्या निम शहराच्या क्लबाने त्याला ओढलं. १९२९ ला पॅरिसच्या रासिंग क्लबाने. रासिंगचे अध्यक्ष जाँ-बेर्नार लेव्ही यांना देशातला सगळ्यात मोठा संघ उभारायचा होता आणि त्यासाठी हात सैल सोडायची तयारी होती. 'हौशी' खेळाडू पॅरिसच्या कॅबेरेत, बारमध्ये आणि रेसकोर्सवर उघडउघड उधळपट्टी करत होता. कुणी विचारलं का, बाबा रे, तू हौशी ना, मग हे कुठून येतं? विचारणारे कोण होते? ज्यांनी पाकीट दिलं तेच. उंदराला मांजर साक्ष.

पंचविशीतल्या पोराला या व्यवस्थेने काय शिकवलं, ते बघा. नियम हा दाखवायला असतो. खरा व्यवहार मागच्या दाराने होतो. आणि तू चांगला खेळतोयस तोवर तुला कुणी हात लावणार नाही. हे तीन धडे घेऊन तो कर्णधार झाला.

१९३० ची ती सफरही सांगण्यासारखी आहे. २१ जूनला व्हिलफ्रांश बंदरातून 'कोंते व्हेर्दे' नावाची इटालियन बोट निघाली. (हीच बोट पुढे त्रिएस्त-शांघाय मार्गावर लागली आणि मुंबईच्या बंदरात येऊ लागली. आपल्याकडच्या जुन्या लोकांना नाव आठवत असेल.) त्याच बोटीवर फिफाचे अध्यक्ष ज्यूल रिमे, त्यांच्या सामानात तो सोन्याचा मुलामा दिलेला चषक, शिवाय रुमानियाचा संघ. बेल्जियमचा बार्सिलोनाला चढला. जाऊन येऊन दोन महिने. नोकरदार खेळाडूंना एवढी रजा मिळेना. खुद्द फ्रान्सची निवड करणारे गास्तों बारो कामावरून सुटका न झाल्याने मागे राहिले.

मेक्सिकोविरुद्ध १९ व्या मिनिटाला लुसिएँ लोराँने गोल केला. विश्वचषकाच्या इतिहासातला पहिला गोल. थोड्याच वेळात गोलकीपर तेपो जखमी झाला. बदली खेळाडू तेव्हा नव्हते, मग शांत्रेल नावाचा हाफबॅक गोलात उभा राहिला आणि उरलेल्या दहा जणांनी सामना मारला. दोन दिवसांनी अर्जेंटिनाशी. मोंतीने ८१ व्या मिनिटाला गोल केला, फ्रान्सचा लांजिये बरोबरीसाठी सुसाट निघालेला असताना पंचाने सहा मिनिटं आधीच शिट्टी फुंकली. आरडाओरडा झाल्यावर पुन्हा बोलावून सामना पुरा केला, पण गेलेली वेळ गेली. मग चिलीशीही ०-१. फ्रान्स घरी.

त्यानंतर व्हिलाप्लान देशाकडून पुन्हा कधीच खेळला नाही.

१९३२ ला फ्रान्सने एकदाचं व्यावसायिक फुटबॉल मान्य केलं आणि लीग सुरू झाली. दहा-दहा संघांचे दोन गट, दोन्हींचे विजेते अंतिम सामन्यात. व्हिलाप्लान आँतिब या समुद्रकाठच्या क्लबात गेला, सेतमधले दोन जुने सहकारीही तिथे होते. पहिल्याच हंगामात आँतिबने गट जिंकला. आणि लगेच उघड झालं की फीव्ह या संघाविरुद्धचा सामना सेटिंगचा होता. देशातल्या पहिल्या व्यावसायिक लीगच्या पहिल्या वर्षी! आँतिबला बाहेर काढलं, त्यांच्या जागी कानचा संघ अंतिम सामना खेळला आणि लीलकडून ३-४ हरला.

शिक्षा कुणाला झाली? व्यवस्थापकाला. त्याच्यावर बंदी. व्हिलाप्लान आणि त्याचे दोन मित्र यांच्यावर संशय होता, चर्चा होती. पण तो माजी कर्णधार. त्याला ना बंदी, ना जाहीर चौकशी, काही नाही. दुसऱ्याच हंगामात नीसच्या क्लबाने त्याला घेतलं. आता चोर सोडून संन्याशाला फाशी असं मी म्हणणार नाही, तो व्यवस्थापक काही संन्यासी नसावा. पण एक सामना विकायला एक माणूस पुरत नाही हे कळायला फुटबॉल कळावा लागत नाही. मैदानात अकरा जण असतात.

आणि तेव्हा फ्रेंच फुटबॉल संघटनेचे अध्यक्ष कोण? तेच ज्यूल रिमे. १९१९ पासून तेच. फिफाचेही तेच. ज्यांच्या नावाने पुढे चषक ओळखला गेला ते. रिमेंनी पैसे खाल्ले असं मी म्हणत नाहीये, कृपया स्क्रीनशॉट काढून फिरवू नका. उलट बनावट हौशीपणापेक्षा उघड पगार बरा, हे समजणाऱ्यांपैकी ते होते. पण ज्या संघटनेच्या डोक्यावर ते बसले होते तिने त्या वर्षी धाग्याचं एक टोक कापलं आणि बाकीचा गुंता गालिच्याखाली सारला. 'नवीन लीग आहे, बदनामी नको.' बदनामी नको! हे दोन शब्द खेळातल्या निम्म्या घाणीला पुरतात.

पुढे काय झालं? नीसमध्ये सरावाला गैरहजर, दंड, आणि १९३४ ला संघ खालच्या श्रेणीत. मग तोच जुना प्रशिक्षक गिब्सन, बोर्दोच्या एका दुय्यम क्लबात त्याला संधी देतो. तीन महिन्यांत हकालपट्टी. १९३५ ला घोड्यांच्या शर्यतींत घोटाळा केल्याबद्दल तुरुंग. वय तिशीच्या आसपास. सामना विकण्यापासून शर्यत विकण्यापर्यंत अंतर फार नव्हतं. पहिल्या वेळी कान धरला असता तर दुसरी वेळ आली नसती, असं मी छातीठोक सांगू शकत नाही. पण पहिल्या वेळी कान कुणी धरला नाही, हे छातीठोक सांगतो.

युद्ध आलं. जर्मनांनी पॅरिस घेतलं. काळा बाजार फोफावला, सोनं, चोरीचा माल, आणि आपले कर्णधार त्यात. पुन्हा अटक. मग गाठ पडली आँरी लाफोंशी. हा पॅरिसच्या गुन्हेगारी जगातला माणूस, जर्मनांसाठी काम करायचा. त्याचा साथीदार पिएर बोनी, बदनाम होऊन हाकललेला पोलीस इन्स्पेक्टर. लोरिस्तों रस्त्यावर ९३ नंबरच्या घरात यांचं कार्यालय. छळ करायचं ठिकाणही तेच. लोक याला फ्रेंच गेस्टापो म्हणायचे. १९४४ च्या सुरुवातीला लाफोंने 'उत्तर आफ्रिकन ब्रिगेड' उभी केली. व्हिलाप्लान तिच्या एका तुकडीचा म्होरक्या, अंगावर एसएसचा गणवेश. दोर्दोन्य भागात या टोळीने धुमाकूळ घातला. ११ जून १९४४ ला मुसिदाँ गावात ५२ माणसं मारली गेली. जर्मन सैनिकांबरोबर ही ब्रिगेडही त्यात होती. लपून बसलेल्या माणसांना 'तुम्हाला वाचवतो' म्हणून पैसे उकळायचे, हा त्याचा खास धंदा असल्याचं खटल्यात मांडलं गेलं.

बघा पुन्हा एकदा. मदतीचा देखावा पुढच्या दाराने, व्यवहार मागच्या दाराने. हे त्याला गेस्टापोने शिकवलं नाही. ते शिकूनच तो तिथे गेला होता.

आता त्या तीन कमेंटांकडे येतो.

'रक्तातच गद्दारी', कारण अल्जीरियाचा. युरोपीय वसाहतवाल्यांच्या घरातला होता हे वर सांगितलंच. पण ते सोडा. त्याच रासिंग क्लबात राऊल दियान्य खेळायचा. जन्म फ्रेंच गयानातला, वडील ब्लेझ दियान्य, सेनेगलमधून फ्रेंच संसदेत निवडून गेलेले पहिले कृष्णवर्णीय आफ्रिकी खासदार. राऊल १९३१ ला फ्रान्सकडून खेळलेला पहिला कृष्णवर्णीय खेळाडू ठरला, १८ सामने, १९३८ चा विश्वचषक. पुढे आफ्रिकेत गेला, सेनेगलच्या संघाला शिकवलं, आणि १९६३ ला डाकारच्या स्पर्धेत त्याच्या संघाने फ्रान्सच्या हौशी संघाला हरवलं. 'बाहेरच्यां'चा हिशोब मांडायचा तर हाही मांडा की. आणि जर्मनांशी हातमिळवणी करणारं विशी सरकार? त्यातले मार्शल आणि मंत्री अस्सल फ्रेंच मातीतले होते. आपला तो बाब्या, दुसऱ्याचं ते कार्टं, हा खेळ पॅरिसमध्येही चालतो.

दुसरी कमेंट, 'पैसा आला की असंच होतं.' ही जास्त धोकादायक, कारण ऐकायला सात्त्विक वाटते. हेच विशी सरकारचंही म्हणणं होतं बरं का! व्यावसायिक खेळ माणसाला नासवतो, म्हणून त्यांनी खेळातल्या पगारांविरुद्ध मोहीम उघडली. व्यावसायिक रग्बी लीगवर तर १९४१ ला सरळ बंदी घालून तिची मालमत्ता जप्त केली. फुटबॉलमध्ये १९४३ ला क्लबांकडून व्यावसायिक खेळाडू काढून घेऊन सरकारी प्रादेशिक संघ बनवले. नैतिकतेच्या गप्पा मारणारे हे, आणि लोरिस्तों रस्त्यावरचं घर ज्यांच्या आशीर्वादाने चाललं त्या जर्मनांशी हस्तांदोलन करणारेही हेच.

पैसाच दोषी असेल तर एतिएन मात्लेरचं काय करायचं? बेल्फोरचा गडी. व्हिलाप्लानच्याच वयाचा, त्याच १९३० च्या बोटीवर होता. सोशोच्या क्लबात खेळायचा, आणि सोशो म्हणजे प्यूजो मोटार कंपनीचा क्लब. कंपनी पैसा देत होती आणि लपवतही नव्हती. उघड व्यावसायिक फुटबॉलची मागणी करण्यात प्यूजोवाले सगळ्यात पुढे होते. मात्लेरने तो पगार घेतला, १९३०, ३४, ३८ असे तिन्ही विश्वचषक खेळला, ४६ सामने, कर्णधारही झाला. डिसेंबर १९३८ ला नेपल्समध्ये मुसोलिनीच्या इटलीकडून ०-१ हरल्यावर, स्टेडियमभर झालेली हुर्यो ऐकून आल्यावर, हा गडी तिथल्याच एका रेस्टॉरंटमध्ये उभा राहून 'मार्सेयेझ' गायला, अशी त्याची आठवण सांगतात. युद्धात तो प्रतिकार चळवळीत उतरला. १९४४ ला गेस्टापोने पकडलं, छळलं. निसटला, स्वित्झर्लंडला पोचला, आणि फ्रेंच सैन्यात दाखल होऊन पुन्हा लढायला आला.

आणि तो पहिला गोल करणारा लोराँ? तोही प्यूजोच्या कारखान्यातला. युद्धात जर्मनांच्या कैदेत तीन वर्षं काढली. परत आला, साधं आयुष्य जगला, १९९८ ला नव्वदी ओलांडलेल्या वयात फ्रान्सला जग जिंकताना पाहिलं आणि २००५ ला गेला.

एकच बोट, एकच जर्सी, तिघंही खेळाचे पैसे घेणारे. फरक इतकाच की दोघांचा पगार कुठून येतो हे विचारलं तर सांगता येत होतं. तिसऱ्याचा सांगता येत नव्हता आणि कुणी विचारलंही नाही. यावरून 'उघड पगार घेणारा प्रत्येक जण मात्लेर होतो' असा नियम मी काढत नाही. माणूस आपापल्या कर्माने घडतो, आणि व्हिलाप्लानच्या कर्माचा जिम्मा मी क्लबांच्या गळ्यात घालत नाही. मुसिदाँची माणसं रासिंगच्या अध्यक्षांनी मारली नाहीत. पण चोरवाट ज्यांनी बांधली, वर्षानुवर्षं झाडूनपुसून ठेवली, त्यांनी १९४४ ला 'अरेरे, आम्हाला कल्पनाच नव्हती' म्हणावं, हे मला पटत नाही.

तिसरी कमेंट, 'खेळाडू म्हणून मोठा, बाकीचं सोडा.' का सोडा? त्याने सोडलं होतं का? आँतिबनंतर नीसने त्याला घेतलं ते कशाच्या जोरावर? माजी कर्णधार म्हणून. बोर्दोने घेतलं तेही त्याच जोरावर. कीर्ती हेच त्याचं भांडवल होतं, ते तो शेवटपर्यंत वापरत राहिला. त्याने खेळ आणि आयुष्य कधी वेगळं ठेवलं नाही, तर आपण का ठेवायचं? आणि उलट बाजूने मात्लेरचं मार्सेयेझ सांगताना तर आपण खेळ-आयुष्य वेगळं करत नाही. तिथे लगेच ऊर भरून येतो. हिशोब एकाच वहीत ठेवा, जमेचा आणि नावेचाही.

काही जण म्हणतील, मग त्याचं नाव रेकॉर्डमधून काढून टाका. अजिबात नको. २५ सामने, पहिल्या विश्वचषकातला कर्णधार, हे पुसलं तर संघटनेचीच सोय होईल. नाव राहू द्या. फक्त त्याच पानावर आँतिबचा १९३३ चा निकालही छापा, शिक्षा कुणाला झाली आणि कुणाला झाली नाही तेही छापा, आणि तेव्हा संघटनेच्या खुर्च्यांवर कोण बसले होते त्यांची नावंही त्याच टाइपात छापा.